चिमूटभर नीळ

आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, आदल्या दिवशी हेमांगी धुळ्याहून पारोळ्याला माहेरी आली, ती पिशवीत चुना आणि निळीची पुडी घेऊन. माहेरी येताना लेकी मिठाई आणतात. पण हेमांगी धुळ्याच्या कॉलेजात रंगकाळ शिकवायची, आणि मास्तरांच्या जातीला सरळ काही सुचतच नाही.

रंगकाळाचं शास्त्र तसं सोपं. लोणच्यात मीठ मुरतं तसा काळ रंगात मुरतो. जुना रंग हुबेहूब जमला की त्याचा काळ परत येतो. प्रयोगशाळेत ती नखाएवढ्या पत्र्यावर ऑइलपेंटचा ठिपका द्यायची. एखाद्या जुन्या दुपारचा वास दरवळायचा आणि मुलं टाळ्या पिटायची. अख्खी भिंत मात्र कुणी रंगवायची नाही, हा पहिल्या धड्यातला पहिला नियम. मुलांकडून तो तीच पाठ करून घ्यायची.

तिच्या आईनं, झुंबरबाईनं, असलं काही वाचलं नव्हतं. ती लग्न होऊन आली तेव्हा स्वयंपाकघराची भिंत पांढरीशुभ्र होती. पुढे दर आखाजीला ती स्वतः चुना द्यायची आणि गेल्या वर्षीपेक्षा चिमूटभर नीळ जास्त टाकायची. "संसार गहिरा व्हत जास," म्हणायची. ती गेली त्या वर्षी भिंत चांगली निळीगर्द होती. त्यानंतर कुणी तिला हात लावला नव्हता, आणि आता धाकटा भाऊ भूषण तिथे टाइल्स बसवणार होता. टाइल्स बसल्या की आई कायमची गेली. हेमांगीला आईच्या हातची एक आखाजी हवी होती, बस्स. माय नसलेल्या माहेरी येताना एसटीतून पाय उतरायला मागत नसे.

कॅलेंडरमागे त्या शेवटच्या रंगाचा न विटलेला पोपडा सापडला. तो एका हातात धरून दुसऱ्या हातानं तिनं बादलीत नीळ कालवली, पोपडा आणि बादलीतला रंग एक दिसेपर्यंत. मग दोघांनी कुंचले घेतले. वैशाखाचं ऊन दारात येऊन बसलं होतं. भूषण स्टुलावर चढून वरची बाजू मारू लागला.

"अक्का, माय खरंच यी?"

"तू कुंचला चालव."

शेवटचा हात फिरला आणि पुरणाचा वास आला. कोपऱ्यात आखाजीची चूल पेटली होती, चुलीवर पालथं खापर. झुंबरबाई दोन्ही हातांवर पोळी झुलवत होती.

"उनी का माय?" ती म्हणाली. "बहू उशीर करा तुनी."

हेमांगी रडली, लहान पोरीसारखी हुंदके देऊन. आईनं पदरानं तिचं तोंड पुसलं. पदराला धुराचा वास होता, आणि तेवढ्यासाठी हेमांगीनं सगळं शास्त्र ओवाळून टाकलं असतं.

"अक्का," भूषण वरून म्हणाला, "हाई फिक्कं पडी..."

वाक्य तिथेच थांबलं. हेमांगीनं वळून पाहिलं. स्टूल नव्हतं. खुंटीवरचं त्याचं हेल्मेट नव्हतं.

"माय, भूषण कोठे गया?"

"कोन भूषण?" आई हसली. तिच्या डोक्यात एकही पांढरा केस उरला नव्हता. "तुले भाऊ पाहिजे का?"

तेव्हा तिला कळलं. ऑइलपेंट ओला दिसतो तसाच वाळतो. चुना वाळताना फिकटतो. तिनं ओला रंग वाळक्या पोपड्याशी जुळवला होता, आणि भिंत अजून वाळत होती. एकेक चिमूट, एकेक वर्ष मागे.

भिंत भिजवायला हवी होती. रिकामी बादली उचलून ती अंगणातल्या नळाकडे धावली.

नळ नव्हता. तो भूषणच्या बारशाच्या वेळी बसवलेला. तिथे सारवलेली सपाट जमीन होती.

ती आत आली. भिंत दुधासारखी झाली होती. समोर हिरव्या चुड्यातली एक नवी नवरी उभी होती, काखेत रिकामा हंडा घेऊन पाण्याला निघालेली.

"कोना घरनी तू माय?" तिनं विचारलं. "बठ. पानी पे. इतलंच उरनं शे."

पितळी पेला. आईच्या हातचं पाणी. हेमांगीनं तो क्षणभर छातीशी धरला.

मग ते पाणी भिंतीवर फेकलं.

हातभर जागा निळी झाली.

"...राह्यनं," त्या निळ्यातून भूषण म्हणाला. "अक्का? कोठे शे तू?"

"आठेच शे रे," ती म्हणाली. तिचा आवाज तिलाच ऐकू आला नाही.

निळा डाग कडेनं वाळू लागला.

झुंबरबाईनं जमिनीवर पडलेला पेला उचलला. हेमांगी उभी होती तिकडे तिनं पाहिलं, तिच्या आरपार, थेट मागच्या दारापर्यंत.

"हाऊ पेला आठे कोनी फेका?" ती स्वतःशीच म्हणाली, आणि पदरानं पुसून तो फळीवर ठेवून दिला.