पाठमोरी

आमच्या पिन्ता गाईने वाट अडवली, तिथून सगळं सुरू झालं.

अस्तुरियासच्या आमच्या डोंगरगावात माद्रिदहून मूकपटवाले आले होते. खेड्यातल्या प्रेमाची गोष्ट पडद्यावर दाखवणार होते म्हणे. मी गवत कापून परतत होते, तर पिन्ता थेट त्यांच्या कॅमेऱ्यासमोर जाऊन उभी राहिली. हलेचना. काळ्या कापडाखालून एक डोकं बाहेर आलं — विस्कटलेले केस, भुवईवर भुरभुर पावसाचा थेंब.

"ही तुमची का?"

"गाय माझी. रस्ता सगळ्यांचा," मी म्हणाले.

तो हसला. फर्मीन त्याचं नाव.

त्यांची नायिका शहरातली, गाईला घाबरायची. म्हणून दिग्दर्शकांनी मलाच तिचे कपडे घालून पिन्ताला टेकडीवर न्यायला सांगितलं... पाठमोरी. चेहरा दिसता कामा नये.

काम सोपं, पण मला राहवेना. कॅमेऱ्याचं हँडल फिरवताना फर्मीन एक डोळा मिटतो का? त्याचे ओठ का हलतात — गाणं म्हणतो की आकडे मोजतो? मान आपोआप वळायची. दोनदा फिल्म वाया गेली. आता वळली तर दुसरी मुलगी बघा, असं दिग्दर्शकांनी बजावलं.

माझ्या डोक्यावरचा रुमाल नीट करायच्या निमित्ताने फर्मीन जवळ आला. "सारखी कॅमेऱ्याकडे का बघतेस?"

"कॅमेऱ्याकडे कोण बघतंय..."

रुमालाची गाठ त्याच्या हातात तशीच राहिली. तो कानापर्यंत लाल झाला.

या वेळी मी वळले नाही. संध्याकाळच्या गाडीने ते सगळे जाणार होते. न वळणं इतकं जड असतं, हे मला ठाऊक नव्हतं. माथा ओलांडला, चेस्टनटची झाडं लागली, तरी चालतच राहिले. डोळे भरले होते — तेवढं तरी कुणाला दिसत नव्हतं.

मागून कुणी धापा टाकत आलं. फर्मीनच. गुडघ्यापर्यंत चिखल.

"अगं, चित्रण केव्हाच संपलं."

"मला कुणी थांब म्हटलंच नाही."

"मी म्हणतोय ना... थांब." त्याने श्वास घेतला. "तुझी पाठ बघून झाली, ओब्दुलिया. आता तुझ्याशी बोलायचंय. मला आवडतेस तू. गाडी सुटली तर सुटू दे."

मी पिन्ताचा दोर त्याच्यापुढे धरला. "मग धर हा. गोठा लांब आहे. आईला काय सांगायचं ते वाटेत ठरवू."

त्याने दोर धरला मात्र, पिन्ताने त्याला फरफटत चार पावलं पुढे नेलं... आणि मी मागून चालत त्याला मनसोक्त बघून घेतलं.