उसनी लकब

यान्बू या अरबी बंदरगावात आम्हाला सहा वर्षं झाली होती. माझा नवरा हरीश समुद्राचं पाणी गोडं करणाऱ्या प्लांटवर मेंटेनन्स इंजिनीअर, मी भारतीय शाळेत फिजिक्स शिकवते. गेल्या फेब्रुवारीत प्लांटचं जुनं, बंद पंपघर एका सिनेमाच्या शूटिंगला दिलं गेलं आणि युनिटच्या सुरक्षेचं काम हरीशकडे आलं. तिथे त्याला लेओन तार्दिवेल भेटला.

तार्दिवेल फ्रेंच नट. सत्तरीचा, टक्कल पडलेला, रस्त्यात दिसला तर लक्षातही राहणार नाही असा. या सिनेमात तो एक म्हातारा इंजिनीअर करत होता. तयारीसाठी चार दिवस हरीशच्या मागे मागे फिरला. शुक्रवारी हरीशने त्याला जेवायला बोलावलं.

आमटी-भात त्याने चमच्याने, सावकाश खाल्ला. चव्वेचाळीस वर्षांत दोनशेच्या वर सिनेमे केले, हिवाळ्यात नाटकं, असं सांगत होता. वेटर, पाद्री, फौजदार, डॉक्टर. लोकांना चेहरा ओळखीचा वाटतो, नाव कुणाला आठवत नाही. त्याचं त्याला वाईट वाटत नव्हतं. प्रत्येक भूमिकेसाठी तो एक खरा माणूस शोधायचा. कसाई करायचा होता तेव्हा लियाँतल्या एका कसायाच्या दुकानात तीन आठवडे बसून होता.

मग त्याने आम्हाला तो कसाई दाखवला. फक्त नॅपकिनला हात पुसले. त्याची मान जाड झाली, गाल तांबूस झाले. आमची आठ वर्षांची श्रुती हसायला लागली आणि मध्येच थांबली.

त्या कसायाला सिनेमा आवडला का, मी सहज विचारलं.

"मी परत कधी गेलो नाही," तार्दिवेल म्हणाला आणि ताटाकडे बघत राहिला.

पुढच्या आठवड्यात हरीश मला शूटिंग बघायला घेऊन गेला. दुपारचे दोन वाजले होते. पंपघरात गंजाचा आणि खाऱ्या पाण्याचा वास. मॉनिटरवर तार्दिवेल एका व्हॉल्व्हपाशी येऊन थांबला, त्याने डाव्या कानाची पाळी ओढली, बोलण्याआधी दोनदा घसा खाकरला. हे सगळं हरीशचं होतं. मान तिरकी करून ऐकायची सवयसुद्धा. माझ्या अंगावर काटा आला. अभिनय चांगला आहे म्हणून, असं मी स्वतःला समजावलं. युनिटने टाळ्या वाजवल्या. हरीशनेही वाजवल्या, जरा उशिरा, इतरांचं बघून.

त्यानंतर हरीशने कानाची पाळी ओढली नाही. सुरुवातीला मला एवढंच जाणवलं. मग प्लांटवरून त्याने सही केलेलं एक वर्क परमिट, म्हणजे दुरुस्तीच्या कामाचा परवाना, परत आलं. सही रेकॉर्डशी जुळत नव्हती. घरी मी त्याला कागद दिला. त्याने दहा वेळा सही केली. दहाही सह्या गोल, सुवाच्य, कुणाच्याही असाव्यात अशा. नंतर फोन त्याचा चेहरा ओळखेना. डॉक्टरांनी रक्त तपासलं, डोक्याचा स्कॅन काढला. सगळं नॉर्मल.

सिन्नरहून सासूबाईंचा फोन आला. त्या पाच मिनिटं हरीशशी बोलल्या. मग मी फोन घेतला.

"विद्या, आता बोलला तो कोण गं?" त्यांनी विचारलं.

मी तार्दिवेलच्या हॉटेलवर गेले. तो बॅगा घेऊन लॉबीत बसला होता, विमानतळाच्या गाडीची वाट बघत. मला बघून उठला. आधी गुडघ्यावर हात टेकून, हरीश उठतो तसा.

"त्याचं त्याला परत द्या," मी म्हणाले.

काय परत द्यायचं, असं त्याने विचारलं नाही.

"नाटकातले निघून जातात," तो म्हणाला. "प्रयोग संपले की. सिनेमातले जात नाहीत."

मी त्याच्या वाटेत उभी राहिले.

"माझ्या आत फार दाटी झाली आहे," तो हळूच म्हणाला. गाडी आली.

हरीश कामावर जातो, वेळेवर घरी येतो, वाढलेलं जेवतो. कशालाच नाही म्हणत नाही. परवा त्याने श्रुतीची खाली पडलेली वही उचलून दिली, तेव्हा ती "थँक यू, अंकल" म्हणाली. मी तिला रागावले नाही.

गेल्या शुक्रवारी दुपारी फ्रान्सच्या नंबरवरून फोन आला. हरीश समोरच सोफ्यावर बसला होता. आवाज तार्दिवेलचाच होता, म्हातारा, घोगरा. बोलणं मराठी.

"श्रुतीचा ताप उतरला का गं?"

ताप तिला त्याच सकाळी भरला होता. आम्ही कुणालाच कळवलं नव्हतं.

मी बेडरूममध्ये गेले, दार लावून घेतलं.

"अजून नाही," मी म्हणाले. "तू जेवलास का?"