पाय पुसून या

मला तिचा आवाज घरी आणायचा होता. एवढ्याच कामासाठी आम्ही तिघे डोंगर चढत होतो.

माझी बायको जिवंत स्फटिक कापायची आणि मी तो कारखान्यात चाकावर घासायचो. बर्फाखालच्या एकाच गुहेत हा स्फटिक वाढतो. हाताला कोमट लागतो. आवाज झाला की त्या दिशेने त्याला कांड्या फुटतात, आणि फार झपाट्याने फुटतात. जो आवाज ऐकत कांडी वाढली, तो तिच्या पोटात राहतो. पुढे कधी अंगाची ऊब लागली की ती तोच आवाज काढते. म्हणून कापणारे आत एक शब्द बोलत नाहीत. दोरीला हिसके देऊन काय ते सांगतात.

तिला झोपेत बोलायची सवय. शेवटच्या खेपेला दमून गुहेत टेकली, डोळा लागला आणि ती बोलली. सगळ्यांना काम टाकून पळावं लागलं. घरी येऊन तिने ते हसत सांगितलं होतं. त्यानंतरच्या हिवाळ्यात ती तापाने गेली.

यंदा तिचा धाकटा भाऊ आत गेला तेव्हा त्याचा हात एका कांडीवर पडला. आल्या आल्या तो माझ्याकडे आला. "भावोजी, ताई आहे तिथे. बोलते."

काय बोलते ते मी विचारलं नाही. मला ते तिच्याकडूनच ऐकायचं होतं.

या मेहुण्याला सगळे मुका म्हणतात, कारण गुहेबाहेर त्याचं तोंड मिटत नाही. तिसरी दोरवाली आत्या. आमची कोणाचीच आत्या नव्हे, पण दोर तिच्या हातात असला की माणूस परत येतो असा तिचा लौकिक.

"जावईबापू, चाकावर बसून पाय आखडलेत तुमचे," चढताना ती म्हणाली.

"दमलात तर मी गाणं म्हणतो," मुका म्हणाला.

"म्हण. तुझ्यापासून लांब जायला तरी पळतील ते."

खिंडीत वाऱ्याने आम्हाला खडकाला चिकटवून ठेवलं. पुढे दरीवर गोठलेल्या बर्फाचा पूल होता. आत्या गेली, मुका गेला. मी मध्यावर असताना पायाखाली काहीतरी करकरलं. पूल खचला! मी लोंबकळलो. दोर छातीत रुतला. वरून दोघांनी खेचलं आणि मी काठावर पोटावर आपटलो. आत्याने माझ्या तोंडावरचं बर्फ पुसलं. "आता परतीला लांबची वाट. आणि आत गेल्यावर तोंडाला कुलूप. ओठ चावा, पण बोलू नका."

ती दोराचं टोक धरून गुहेच्या तोंडाशी बसली. मी आणि मुका आत गेलो.

आत फिकट निळा उजेड होता, तो भिंतींतूनच येत होता. आमच्या बुटांना लोकर गुंडाळलेली, तरी पाऊल पडेल तिकडे बारीक टोकं वळत होती, मांजराने कान वळवावेत तशी. एका ठिकाणी माझा खांदा भिंतीला घासला आणि शेजारी कोणीतरी म्हातारा खोकला. मी वळून पाहिलं. कोणी नव्हतं. मुक्याने मान हलवली : चला.

मुक्याने दाखवलेली तिची कांडी बोटाएवढी होती. हातोडी तिथे चालत नाही. ओली वाळू लावलेल्या तारेने मी ती मुळाशी कापली. हे काम मला येतं. आता ती लोकरीत गुंडाळायची आणि निघायचं. पण मी हातमोजा काढला. ती मुठीत धरली. क्षणभरच धरणार होतो.

"आलात का?" ती म्हणाली.

झोपेतला, जड आवाज. अगदी तिचाच. कारखान्यातून परत आलो की ती रोज हेच विचारायची आणि रोज माझ्या तोंडून एकच उत्तर जायचं.

"आलो गं," मी म्हणालो.

मुक्याने डोळे मिटले.

आणि गुहा जागी झाली! चारी बाजूंनी कडकड सुरू झाली. माझ्या तोंडाच्या दिशेने कांड्या सुटल्या. एक गालाला चाटून गेली. मुक्याने दोराला भराभर हिसके दिले. आम्ही पळालो. पुढची वाट डोळ्यांदेखत अरुंद होत होती. मुका आडवा होऊन निसटला, मी अडकलो. दोर ताणला गेला. छातीवर टोकं टेकली. धापांचा आवाज मला थांबवता येत नव्हता आणि त्या आवाजावरच ती वाढत होती.

माझ्या मुठीत ती बोलतच होती. "आलात का? पाय पुसून या."

कारखान्याची भुकटी तळव्यांना चिकटून घरात येऊ नये म्हणून ती हे म्हणायची. ती भुकटी घरात पडली तर फरशीला टोकं फुटतात.

मी मूठ पाहिली. मग हात मागे नेला आणि कांडी गुहेत जितकी लांब जाईल तितकी लांब फेकली.

ती पडली तिथून बोलू लागली. छातीवरची टोकं थबकली. मग एकेक करून मागे वळली, तिच्याकडे. आत्याने दोर खेचला. अंगरखा फाटला, कातडी सोलली, मी बाहेर आलो.

आम्ही गुहेच्या तोंडाशी पडून राहिलो. आतून तिचा आवाज येत होता. "आलात का?" आणि त्यामागून, जरा अंतराने, एका पुरुषाचा. "आलो गं." ओळखायला मला क्षण लागला. माझ्या शब्दावर फुटलेली कांडी तिच्या उबेला जाऊन टेकली होती. मग पुन्हा ती. पुन्हा मी. गार पडत गेले तसे दोघे हळू झाले आणि थांबले.

मुका उठून बसला. मग म्हणाला, "पुढच्या खेपेला त्या कांड्यांना हात लावून बघेन, भावोजी."

"नको," मी म्हणालो. "झोपू दे तिला."

आत्या दोर गुंडाळत होती. तिने मला हात देऊन उठवलं.

लांबच्या वाटेने घरी आलो. दार उघडलं. आत कोणी काही विचारलं नाही. मी उंबऱ्याशी थांबून पाय पुसले, आधी डावा, मग उजवा, आणि घरात गेलो.