नवरात्राच्या आधीच्या गोधड्या

घट बसायला दोन दिवस उरले होते आणि वैजयंतीच्या घरात दोरीवर नऊ गोधड्या लोंबत होत्या. चार तिच्या, पाच शेजारच्या दुर्गाकाकूंच्या. जग बुडालं तरी नवरात्राआधी अंथरूण-पांघरूण धुवायचंच, आणि यंदा खाडीकाठी बाहेर काहीच वाळत नव्हतं. काकूंना नाही कोण म्हणणार?

ओल्या उकाड्याच्या दिवसांत दर घराला एकाच यंत्रापुरती वीज मिळे. पंखा घ्या, नाहीतर हवेतला ओलावा ओढणारं खोकं, ओलशोषक. काकूंनी पंखा घेतला. "वारं तरी लागतं अंगाला, तुझं खोकं नुसतं गुरगुरतं," असं म्हणून त्या हसल्या होत्या. वैजयंतीला सासऱ्यांच्या, तात्यांच्या हृदयाची काळजी, म्हणून तिनं शोषक घेतला. हवा पाण्यानं गच्च भरली की घाम उडत नाही आणि पंखा नुसती वाफ अंगावर मारतो, हे डॉक्टरांनी बजावलं होतं. शोषक ते पाणी ओढून घ्यायचा, पण दारं-खिडक्या घट्ट बंद हव्यात. पहाटे उकाडा उतरला की अर्धा तास दार उघडायचं, मग दिवसभर कोंडून घ्यायचं. असं कोंडून घेतल्याच्या नवव्या दिवशी वैजयंतीला भिंती खायला उठल्या होत्या.

दुपारी शोषकावरचा आर्द्रतेचा आकडा चढू लागला. सत्तर. पंचाहत्तर. ऐंशीच्या पुढे तात्यांना धोका होता.

"वैजू, छातीवर कुणी बसल्यासारखं वाटतंय गं," तात्या म्हणाले.

अगं बाई, गोधड्या! त्यांतलं सगळं पाणी याच हवेत उतरत होतं. इतकी कशी मी बावळट, म्हणत तिनं त्या ओढून प्लास्टिकात गुंडाळल्या. आकडा अठ्ठ्याहत्तरवर थांबला. तिच्या जिवात जीव आला.

तेवढ्यात दार वाजलं.

"वैजू, उघड गं." काकूंचा आवाज खोल गेला होता. "पंख्याखाली बसवत नाही. डोळ्यांपुढे अंधारी येतेय."

दार उघडलं तर हवा पुन्हा कोरडी व्हायला तीन तास लागणार होते. वैजयंती कडीवर हात ठेवून तशीच उभी राहिली. बाहेर काकू पायरीवर बसल्याचा आवाज आला, मग काहीच नाही.

"उघड," तात्या म्हणाले.

"तुम्हाला सोसायचं नाही."

"किती वेळ तग धरेन मी? खरं सांग."

"अर्धा तास." तिला रडू आवरेना.

"आणि ती?" तात्यांनी विचारलं.