पुढं सरका

कार्यक्रम संपल्यावर नाट्यगृहाच्या मागच्या दारात एका गृहस्थांनी सुशांत ऐनापुरेचा हात घट्ट धरला आणि डोळे पुसत ते म्हणाले, "तुमचा तो सासऱ्याच्या हेल्मेटचा किस्सा. पोट दुखलं हो हसून."

सुशांतनं नम्रपणे मान डोलावली. आलेलं कौतुक कलावंतानं परत पाठवू नये, एवढं त्याला कळत होतं. अडचण इतकीच, की त्याच्याकडे सासऱ्याच्या हेल्मेटचा किस्साच नव्हता. त्याच्या सासऱ्यांना साधी सायकलही येत नव्हती.

मागोमाग आलेल्या बाईंनी त्याच्या मांजराच्या नकलेची तारीफ केली. सुशांतनं जन्मात मांजराची नक्कल केली नव्हती. कॉलेजातल्या एका पोरानं हॉस्टेलच्या आमटीवरून त्याच्याकडे टाळी मागितली. त्यानं ती दिली, पण आपण गेला तासभर नेमकं काय बोललो, याची त्यालाच शंका येऊ लागली.

एरवी हे त्याच्या ध्यानातही आलं नसतं. सगळ्या सांगलीच्या कानात असायचा तसा त्याच्याही कानात कानमणी असायचा. वाटाण्याएवढा तो मणी आधी परभाषा समजावी म्हणून आला. मग टोचणारं बोलणं बोथट करून ऐकवायला लागला आणि घरोघरी नांदू लागला. भांडणं कमी झाली, हे खरंच. पण माइकजवळ मणी शिट्टी मारायचा, म्हणून रंगमंचावर जाताना सुशांत तो डबीत काढून ठेवी. आज डबी मेकअपच्या खोलीतच राहिली आणि लोकांचं बोलणं त्याला उघड्या कानांनी ऐकावं लागलं.

आत फिरोज मुजावर वायरी गुंडाळत होता. पहिल्या कार्यक्रमापासून सुशांतचा आवाज सांभाळणारा हा मित्र.

"फिरोज, आज मी शेवटाला काय सांगितलं?"

"बोकडाचं. बोकड बँकेत जातो ते." फिरोजला पुन्हा हसू फुटलं. "दर खेपेला नवीन कुठनं आणतोस, मला तर कळत नाही."

सुशांत खुर्चीत बसला. शेवट त्यानं कित्येक वर्षांत बदललाच नव्हता. शेवट अण्णांचा होता.

अण्णा, म्हणजे त्याचे वडील, एसटीत कंडक्टर. सांगली-जत गाडीवर जन्म गेला. घरी पंगतीला बसतानाही ते "पुढं सरका" म्हणायचे. शेवटच्या दुखण्यात सगळं गणगोत जमलं आणि दारातच दाटी करून रडू लागलं. अण्णांनी डोळे उघडले, सगळ्यांकडे पाहिलं आणि म्हणाले, "दारात उभं ऱ्हाऊ नका. पुढं सरका, आत जागा हाय." ते त्यांचं शेवटचं बोलणं. सुशांत ते सांगायचा, क्षणभर थांबायचा आणि नाट्यगृह हशानं दणाणायचं. त्या हशात आपल्याला रोज अण्णा भेटतात, असं त्याला वाटायचं. त्या भेटीसाठीच तर तो गावोगाव हिंडत होता.

"तुझा मणी काढ," तो फिरोजला म्हणाला.

फिरोजनं काढला. सुशांतनं अण्णांचं पुन्हा सांगितलं, त्याच लयीत. फिरोज हसला नाही. त्याच्या हातातली वायर तशीच राहिली.

"हे तू रोज सांगतोस?"

"रोज."

"मी कधीच ऐकलं नाही." फिरोजनं मणी तळहातावर फिरवून पाहिला. मग फोन काढून, सगळ्यांनी न वाचताच मान्य केलेल्या मण्याच्या अटी वाचत बसला. वाचून झाल्यावर म्हणाला, "पाणी दे म्हटलं, तर हा पाणीच ऐकवतो. पण कुणी हसवायला बोलतंय असं दिसलं, की ज्याच्या त्याच्या आवडीचं ऐकवतो. आवाज तुझा, लय तुझी. तू थांबतोस तिथंच थांबतो. नुसता मजकूर बदलतो. कुणी हिरमुसून उठून जाऊ नये म्हणून."

"मग लोक हसतात ते कुणाला? मला की त्याला?"

"तिकीट तर तुझ्या नावाचं काढतात," फिरोज म्हणाला. पण त्यालाही ते फारसं पटलेलं दिसलं नाही.

सुशांतच्या डोक्यात सगळा गुंता झाला. आपण विनोदवीर आहोत, की नेमकं कुठं थांबायचं ते जाणणारा एक माणूस? उद्या रंगमंचावर उभं राहून नुसते पाढे म्हटले, तरी लोक असेच लोळतील का? अण्णा गेले, तोवर कानमणी घरोघर पोहोचला होता. म्हणजे त्यांचं शेवटचं बोलणं आजवर एकाही प्रेक्षकाच्या कानावर पडलं नव्हतं.

मग त्याला मुलं आठवली. सात वर्षांच्या आतल्या मुलांना मणी घालायला बंदी होती; कानाची नळी वाढत असते म्हणून. या मुलांसाठी सुशांत लाल टोपी घालून 'ढेकरमामा' व्हायचा आणि वाढदिवस करायचा. ढेकर द्यायची, पाय घसरून पडायचं, पुन्हा ढेकर द्यायची. हे पोटापाण्याचं काम आणि रंगमंचावरचं ते खरं काम, असं तो आजवर मानत आला होता. आता ऐकणारे कान तेवढ्या चिल्ल्यापिल्ल्यांचेच उरले होते. त्यातही त्याची स्वतःची मुलगी कनक रविवारी सात वर्षांची होणार होती आणि मण्याची गुलाबी डबी कपाटात येऊन पडली होती.

"थोडे दिवस थांबू या का?" त्यानं बायकोला विचारलं.

"कशाला?" सुवर्णा म्हणाली. "वर्गात सगळ्यांकडे आहे. आणि माझी आई काय बोलते, ते लेकराला आजवर कळलंय का कधी?"

सुवर्णाचं माहेर पार कर्नाटकात. तिची आई कन्नडखेरीज काही बोलायची नाही. सासूबाईंचं बोलणं सुशांतलाही मण्यामुळेच समजायचं.

रविवारी दुपारी दिवाणखाना भरला. पुढं सतरंजीवर मुलं, मागं खुर्च्यांवर मोठी माणसं. घरात माइक लागत नव्हता, त्यामुळे काही काढून ठेवायचीही गरज नव्हती. ढेकरमामानं ढेकर दिली, तो पडला, मुलं खिदळली. मग त्यानं टोपी काढली आणि अण्णांची गोष्ट सांगितली.

मागची माणसं हसली. कुणी बोकडाला हसलं असेल, कुणी हेल्मेटला. मुलं हसली नाहीत. "पुढं सरका, आत जागा हाय," असं त्यानं म्हणताच ती सगळी बसल्या बसल्या सतरंजीवर खरोखर पुढं सरकली, पार त्याच्या पायांना टेकेपर्यंत.

"मग आजोबा कुठं सरकले?" कनकनं विचारलं.

"पुढं," सुशांत म्हणाला. इतक्या वर्षांच्या हशातून मिळालं नव्हतं ते त्याला त्या सरकण्यातून मिळालं.

पण घड्याळ काही थांबलं नाही. केकच्या आधीच सुवर्णानं मणी कनकच्या कानात बसवला. कनकनं डोळे मिचकावले. वाढदिवसाला माहेराहून आलेली आजी काहीतरी बोलली आणि कनक तिच्या गळ्यातच पडली. दोघींचं बोलणं संपेना. सुशांतला त्या मण्याला वाईटही म्हणता येईना आणि चांगलंही म्हणता येईना.

आजी स्वयंपाकघरात गेली, तसं त्यानं कनकला आतल्या खोलीच्या दारात गाठलं आणि अण्णांची गोष्ट पुन्हा एकदा तिच्यापुरती सांगितली. या वेळी ती खळखळून हसली.

त्यानं खाली वाकून विचारलं, "काय ऐकलंस?"

"तूच तर म्हणालास. आजोबा म्हणाले, दारात उभं ऱ्हाऊ नका. पुढं सरका, आत जागा हाय."

शब्द न् शब्द तोच. 'हाय'सुद्धा. सुशांतचा ऊर भरून आला. मण्यानं हात लावला नव्हता, पोरीला हेच आवडत होतं. त्याला तिला उचलून घ्यावंसं वाटलं.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून सासूबाईंनी हाक दिली, "जावईबापू, सुरी कुठं ठेवलीय?" ती त्याला स्वच्छ मराठीत ऐकू आली.

त्याचा हात सावकाश स्वतःच्या कानाकडे गेला. कनकचं उत्तरही त्यानं मण्यातूनच ऐकलं होतं. त्यानं मणी काढला. सासूबाईंची पुढची हाक कन्नडमध्ये आली.

समोर कनक अजून दारातच उभी होती, हसऱ्या डोळ्यांनी. आता तिला पुन्हा विचारायचं होतं, फक्त एकदा. पण विचारायचा धीर त्याला झाला नाही. तो दोन पावलं मागं खोलीत सरकला आणि अण्णांच्या आवाजात म्हणाला, "दारात उभं ऱ्हाऊ नका. पुढं सरका, आत जागा हाय."

कनक आत आली. पण तिच्या मागं आतापर्यंत सगळी पोरं जमली होती आणि केक कुठाय म्हणत दारात रेटारेटी चालली होती. तिनं त्याचं ऐकलं होतं, की तिला मागून कुणी ढकललं होतं?