प्रसेनजीत घरी आला ती संध्याकाळ

रविवारची संध्याकाळ होती. आक्काताई मटण घेऊन लगबगीनं घरी आली. लेक सकाळीच मुंबईहून परतला होता, आणि आज तो टीव्हीवर दिसणार होता.

२००७ सालची ही गोष्ट. तरण्या पोरापोरींना एका बंगल्यात कोंडायचं आणि त्यांचं खाणं, भांडणं, रडणं कॅमेऱ्यानं टिपायचं, असा तो कार्यक्रम. चित्रण आधी व्हायचं, टीव्हीवर यायचं आठवड्यानं. त्यामुळं प्रसेनजीत बाद होऊन घरी पोचला, तरी कबनूर गावाच्या लेखी तो अजून बंगल्यातच होता.

कार्यक्रम बघायला शेजारची झुंबरबाई आली ती दारातूनच ओरडली, "काय पावणं, टीव्हीतनं पाय निघाला व्हय?"

प्रसेनजीत हसला. पण जरा उशिरानं हसला.

आक्काताईच्या घराच्या भिंतीला लागून यंत्रमागाचा कारखाना. खडखडाट असा, की घरात हंडा पडला तरी कळायचं नाही. ती तिथंच मागासाठी सुताच्या कांड्या भरायची. मागावरची माणसं घसा ताणत बसत नाहीत. नुसते ओठ हलवतात, समोरचा ते वाचतो. प्रसेनजीत त्याच आवाजात रांगला, वाढला. मनातलं काही असलं की आईशी तो ओठांनीच बोलायचा. आज मात्र सकाळपासून "मोठ्यानं बोल की गं," एवढंच चाललं होतं त्याचं. मुंबईत सवय मोडली असेल, अशी तिनं मनाची समजूत घातली.

कार्यक्रम सुरू झाला. पडद्यावर पोरं एकमेकांच्या अंगावर धावून जात होती. प्रसेनजीत त्यांच्या मागं, बंगल्याच्या काचेजवळ एकटाच बसलेला. त्याचे ओठ हलत होते.

आक्काताई पुढं सरकली.

'आई... मी हितंच हाय... भाईर येईल त्यो मी न्हवं...'

"कसं गप बसलंय बघ गुणाचं!" झुंबरबाई तिच्या कानाशी ओरडली. तिचा जन्म भाजी विकण्यात गेलेला. ओठ वाचणं तिला कुठून येणार?

आक्काताईनं हळूच मान वळवली. शेजारी बसलेला प्रसेनजीत टीव्हीकडं बघतच नव्हता. तो तिच्याकडं बघत होता.

पडद्यावर निकाल लागला. प्रसेनजीत बॅग उचलून दाराबाहेर आला, त्यानं हात हलवला. झुंबरबाईनं टाळ्या वाजवल्या. आणि त्याच्या पाठीमागं, काचेच्या आत, प्रसेनजीत उभा होता. दोन्ही तळवे काचेला टेकलेले.

'आई... त्याला घरात घिऊ नको...'

मग जाहिरात लागली.

झुंबरबाई गेली. आक्काताईनं ताट वाढलं. ती त्याच्या समोर बसली, आणि आवाज न काढता नुसते ओठ हलवले.

'माझं पोरगं कुठं हाय?'

तो तिच्या ओठांकडं टक लावून बघत राहिला. मग त्यानं भाकरीचा तुकडा मोडला, रश्शात बुडवला, तोंडात घातला.

"तुझं नाव सांगितलं त्यानं... घरचा रस्ता सांगितला... समदं सांगितलं. हे ओठांचं तेवढं शिकवलं न्हाय बघ मला."

तो घास चावत होता. ओठ घट्ट मिटलेले होते. आणि भिंतीपलीकडं सगळे माग चालू असताना, त्याचा शब्द न् शब्द तिला स्वच्छ ऐकू आला होता.