काच्याने फोन करणं बंद केलं

हे मी लिहिणारच नव्हतो. यात माझीच अब्रू जाते. पण काच्याची गोष्ट सांगायची आणि आपण तेवढं बाजूला राहायचं, हे काही खरं नाही. म्हणून आधीच सांगून टाकतो. पुढे ज्या चार मित्रांचा उद्धार होणार आहे, त्यातला एक मी. मला दाढी म्हणतात. बाकीचे तिघं लंबू, ढोल्या आणि वकील. सहा वर्षांपूर्वी आम्ही पाच जण कोर्स करताना एका खोलीत राहायचो.

काच्या खिडक्यांच्या काचा आणि आरसे बसवतो. आणि सहा वर्षं आमची मैत्रीसुद्धा एकटा तोच करत होता. वाढदिवस त्याच्या लक्षात, भेटायचं तोच ठरवणार, कुणाचं काय चाललंय ते तोच इतरांना सांगणार. मग एक दिवस त्याने ग्रुपवर फोटो टाकला, "माझं स्वतःचं दुकान झालं रे!" चौघांनी बघितला. चौघांपैकी एकानेही साधा अंगठासुद्धा टाकला नाही.

काच्याने त्या दिवसापासून फोन करणं बंद केलं. म्हटलं, बघू कोण आधी करतो!

एकोणीस दिवस गेले. विसाव्या दिवशी, भुरभुर पावसात, तो एका मोबाइलच्या दुकानात शिरला आणि फोन काउंटरवर आपटला.

"हा वाजत नाही."

काउंटरमागच्या मुलीने डोळ्याचं भिंग कपाळावर सरकवलं. "उघडून द्या जरा."

त्याने अंगठा लावला. उघडेना. पुन्हा लावला. नाहीच.

"अंगठ्यावर इतके काप आहेत," ती वाकून बघत म्हणाली, "की फोनलाही ओळख पटत नाही."

"त्यालाच कशाला… हल्ली कुणालाच पटत नाही."

तिने नंबर विचारला आणि स्वतःच्या फोनवरून लावला. काच्याचा फोन काउंटरवर नाचत, निर्लज्जासारखा खणखणीत वाजला.

"वाजतो की!"

"तुमचा वाजला. माणसांचा वाजत नाही."

"मग मी कोण?"

"तसं नाही हो… मित्रांचा म्हणतोय. चौघं आहेत."

"त्यांनी केला होता?"

काच्याने नकारार्थी मान हलवली.

"म्हणजे फोन बरा आहे," ती म्हणाली. "मित्र आणा दुरुस्तीला."

एरवी काच्या हसला असता. त्या दिवशी भडकला. दुकानाचा फोटो, सहा वर्षं, वाढदिवस, सगळं एका दमात ओकला. ती हनुवटीखाली हात घेऊन ऐकत राहिली.

"मग सांगा ना त्यांना, राग आलाय म्हणून."

"सांगायला फोन करावा लागेल!"

ती इतकी हसली की भिंग कपाळावरून खाली आलं. भिंगातून तिचा एक डोळा मोठ्ठा दिसला, काळाभोर, पाणी तरळलेला. काच्याचा राग तिथेच थोडा चिरला.

जाता जाता त्याचं लक्ष काउंटरच्या काचेकडे गेलं. एक लांब भेग, तिच्यावर चिकटपट्टी. "ही उद्या कुणाचा तरी हात कापेल. मी बदलून देतो."

एक काच बसवायला काच्याला चार फेऱ्या लागल्या. सहा वर्षांच्या धंद्यात असं झालं नव्हतं.

"पुन्हा माप?" तिसऱ्या फेरीला तिने विचारलं.

"पावसात लाकूड फुगतं."

"काउंटर लोखंडी आहे."

"…लोखंडाचाही भरवसा नसतो."

दुकान तिच्या मामाचं. मामा फक्त सल्ले द्यायला यायचा. "काचवाले," तो म्हणाला, "एवढ्या वेळात मी अख्खी इमारत बांधली असती." ती खाली बघून स्क्रू शोधायला लागली. स्क्रू तिच्या हातातच होता.

चौथ्या फेरीला काच बसली. काच्या कडा पुसत होता, आणि ती हळूच म्हणाली, "तुमच्या मित्रांना फार शिव्या देऊ नका. मीही कधी कुणाला फोन करत नाही."

"का?"

"वाटतं, कामात असतील. आपण कशाला मध्ये… एक मैत्रीण होती. दोन वर्षं तीच करायची. मग थांबली. मला वाटलं कामात असेल. तिला वाटलं मला नकोय."

शहाणा माणूस इथे मवाळ झाला असता. पण काच्याच्या जखमेवरच बोट पडलं होतं.

"म्हणजे तुम्ही त्या चौघांच्या पार्टीतल्या!"

"अहो—"

"नाही, बरोबर आहे! एकाने ओढायचं आणि बाकीच्यांनी गाडीत बसायचं. माझा नंबर आहे ना तुमच्याकडे? मी करणार नाही. वाटलं तर तुम्ही करा."

"आणि नाही केला तर?"

"तर समजेन… काच बसली, काम संपलं."

तो निघून गेला. पैसेही न घेता, छत्रीही तिथेच विसरून. रागाला फार वेंधळेपणा असतो.

तिने फोन केला नाही. एक दिवस नाही, दोन दिवस नाही. आठवडा उलटला. काच्याने एक मोठा आरसा दोन बोटं आखूड कापला. ताटातलं जेवण तसंच राहायला लागलं. आई म्हणाली, "कुणाच्या नावाने बोटं मोडतोयस रे?" "मित्रांच्या," तो म्हणाला. आई म्हणाली, "मित्रांसाठी कुणी केस विंचरून दाराशी बसत नाही."

आणि त्याच आठवड्यात त्याला रस्त्यात माझी बहीण भेटली.

"दादा, तुम्ही असं कराल असं वाटलं नव्हतं," ती म्हणाली. "बाबांचं ऑपरेशन झालं. बारा दिवस हॉस्पिटलमध्ये होते. रोज विचारायचे, काच्या आला का? तुम्ही तोंडसुद्धा दाखवलं नाहीत!"

काच्या तसाच माझ्या घरी आला. केसांत काचेचा चुरा, हातात काच कापायची हिरकणी. मी दार उघडलं.

"मला का नाही सांगितलंस?"

"तुला माहीत नव्हतं?" मला खरंच धक्का बसला. "मी लंबूला सांगितलं होतं."

"लंबू मला कधी फोन करतो? आणि तू कधी करतोस?"

मी लंबूला फोन लावला. लंबू म्हणाला, "मला वाटलं काच्या तिथेच असेल. तो असतोच ना." ढोल्याला तर काही पत्ताच नव्हता. वकिलालाही नव्हता, पण वकील तो वकीलच. म्हणाला, "ज्या अर्थी काच्याने कळवलं नाही, त्या अर्थी काही घडलं नाही, असं मी धरून चाललो."

बारा दिवस हॉस्पिटलच्या बाकावर मी एकटा बसलो होतो आणि चौघांना शिव्या देत होतो. आत्ता कुठे माझ्या टाळक्यात प्रकाश पडला. आम्ही पाच मित्र नव्हतोच कधी. आम्ही चौघं काच्याचे मित्र होतो. एकमेकांचे नुसते ओळखीचे. मधला एक माणूस गप्प बसला, आणि आख्खं जाळं एका दिवसात भुईसपाट! इतकी चीड आली… स्वतःची.

काच्या आत जाऊन बाबांजवळ बसला. बाबांनी त्याचा हात धरला. "रागावलायस?"

"तुमच्यावर नाही, काका."

तिथून उठला तो सरळ मोबाइलच्या दुकानात. भर दुपार. मामा पेपर वाचत होता. काच्याचं तोंड बघून पेपरासकट बाहेर गेला.

"मला फोन न करणाऱ्यांची यादी मोठी आहे," काच्या म्हणाला. "पण त्यातल्या एकाच माणसापायी माझं जेवण गेलं. ती तू."

"…तू?"

"हो, तू! तुम्ही-आम्ही करायची ताकद नाही आता. का नाही केलास?"

ती नव्या काचेवर बोटाने रेघा ओढत राहिली.

"रोज नंबर काढायचे," ती म्हणाली. "मग वाटायचं, आत्ता तो काच कापत असेल. मध्येच वाजलं… दचकला… हात गेला तर?"

"मी कापताना फोन जवळ ठेवत नाही! हे कुणी सांगितलं तुला?"

"तुझ्या अंगठ्याने."

काच्याने अंगठा मुठीत लपवला. तरी राग तो रागच.

"हे सगळं मनातल्या मनात! मला कसं कळणार? मी मेलो असतो वाट बघून!"

"मी आले होते," ती म्हणाली. आता तिचाही आवाज चढला. "तुझ्या दुकानापर्यंत! चालत! फोनवर मला शब्द सापडत नाहीत, पाय चालतात. तू हाताएवढी… नाही, दाराएवढी काच धरून उभा होतास. हाक मारू? आणि फुटली असती म्हणजे?"

"फुटू द्यायची होतीस!"

बाहेर मामा खोकला, उगाचच.

"मला फोन करायला नाही जमायचं," ती हळू म्हणाली. "पण येईन. कामात असलास तरी येईन. चालेल?"

"…चालेल," काच्या म्हणाला. "मी फोन करेन. पण कधीकधी चिडून करेन."

"चिडून कर. उचलेन."

त्याने हात पुढे केला. ती त्याच्या अंगठ्यावरचे काप एकेक करून बघत राहिली. बघता बघता हात सोडायचा राहूनच गेला.

ती खरंच गेली त्याच्या दुकानात. दुसऱ्याच दिवशी. आणि हे सगळं सांगायला काच्याने पहिल्यांदा कुणाला गाठलं? मलाच. वर सांगून झाल्यावर खिशातून फोन काढला आणि ढोल्याचा नंबर शोधायला लागला.

मी त्याचा हात धरला.

"ठेव. तुझी बातमी तू वाटत फिरायचं नाही. ढोल्याला मी सांगतो. लंबूला सांगतो. वकिलाच्या घरी जाऊन सांगतो."

"आणि कुणी काही बोललंच नाही तर? सवय आहे मला."

"तर मी तिथेच बसतो, बोलेपर्यंत. आज त्यांच्याकडे, आणि यापुढे दर आठवड्याला तुझ्याकडे. तू बोलाव, नको बोलावू. शब्द देतो, काच्या."